तलत आला की तलत आली?

जून १९९९ ची गोष्ट. दुधनीत मी पाचवीचा वर्गशिक्षक होतो. शाळा सुरू होऊन दोनच दिवस झाले होते आणि नव्या हजेरीपटावरून मी नावं पुकारत होतो. आमचं गाव महाराष्ट्राच्या अगदी कडेला. गाडी सोलापूरहून निघाली की अक्कलकोट रोड, मग दुधनी, पुढे गाणगापूर रोड आणि मग कलबुर्गी, म्हणजे तेव्हाचं गुलबर्गा. हजेरीपटही तसाच दोन्हीकडचा. सिद्धाराम, मल्लिनाथ, श्रीशैल, महादेवी, बंदेनवाज, यास्मिन. घरी कोणी कन्नड बोलतं, कोणी दखनी, कोणी मराठी. ही सगळी नावं माझ्या जिभेवर रुळलेली होती. मग एक नवं नाव आलं आणि मी पुकारलं, "तलत आला का?"

वर्ग हसला. मुलींच्या रांगेतून एक जण उठली आणि मान खाली घालून म्हणाली, "सर, मी आले."

चूक का झाली ते सांगतो. आमच्या पिढीला तलत म्हटलं की एकच माणूस आठवतो, रेडिओवरचा तलत मेहमूद. तो कापरा, रेशमी आवाज ऐकत आम्ही मोठे झालो. तलत हे पुरुषाचं नाव, याबद्दल मला शंका यायचं कारणच नव्हतं. पटावर नावं उतरवताना मी बिनदिक्कत त्यामागे 'कुमार' लिहिलं होतं. वर्गात मी "बरं, बस" म्हणालो आणि तोंडी चूक सुधारली. कागदावरची सुधारायची राहिली. तिच्याकडे मी नंतर येतो.

दुसऱ्या दिवशी मुलीचे आजोबा शाळेत आले. मला वाटलं, तक्रार घेऊन आले असतील. तसं काही नव्हतं. ते हसतच म्हणाले, "सर, गानेवाला मर्द है, हमारी छोरी है. नाम तो येकीच है." (दखनीतला हा 'च' आपल्या मराठीचाच, हे जाता जाता.) मग त्यांनी नावाची हकिगत सांगितली. मुलगी जन्मली ती पहाटेची नमाज संपल्यावर, सूर्य वर येताना. मशिदीत नमाजाच्या वेळांचा जो तक्ता लावलेला असतो त्यात पहाटेच्या 'फज्र'नंतर एक रकाना असतो, 'तुलू'. तुलू म्हणजे सूर्योदय. तुलूच्या वेळी आलेली म्हणून तलअत. गाणाऱ्याचा तिच्याशी काही संबंध नाही.

त्या दिवशी मला पहिल्यांदा कळलं की या नावाला अर्थ आहे. इतकी वर्षं ते मी नुसतं ऐकत होतो.

अरबी भाषेत बहुतेक शब्द तीन व्यंजनांच्या मुळावर उभे असतात. मूळ एक आणि त्याभोवती शब्दांचं गणगोत. इथलं मूळ आहे त-ल-अ. यातला 'त' जाड, जीभ टाळूकडे उचलून म्हणायचा. शेवटचा 'अ' हाही आपला अ नव्हे. 'ऐन' नावाचं ते घशातून उमटणारं व्यंजन आहे. मराठीला तो घसा नाही, त्यामुळे आपण ते गाळतो. तब्येत, जमात या शब्दांत मुळात ते होतं, आपण सहज गिळलं. तसंच 'तलअत'चं 'तलत' झालं.

या मुळाचा अर्थ उगवणे, वर येणे, नजरेला पडणे. सूर्यचंद्र उगवतात त्याला हेच क्रियापद. प्रेषित मदिनेत आले तेव्हाच्या स्वागताचं म्हणून जे पारंपरिक गीत प्रसिद्ध आहे, त्याचा पहिला शब्द हाच. जे उगवतं ते दिसतं, म्हणून 'तलअत'चा अर्थ झाला दर्शन, रूप, चेहरा. फारसी आणि उर्दू कवितेत चंद्रमुखीला 'माह-तलअत' म्हणतात. तेव्हा तलअत म्हणजे नुसता सुंदर चेहरा नव्हे. समोर येताच उजाडल्यासारखं वाटावं असं मुख.

आता तुम्ही म्हणाल, हे अरबी प्रकरण आपल्याला लांबचं. तसं ते नाही. मराठीत याच मुळाचे शब्द बसून आहेत आणि आपण त्यांना ओळखत नाही, एवढंच. 'बडे तालेवार' असं आपण श्रीमंताला म्हणतो. 'ताले' म्हणजे जन्मवेळी पूर्वेला उगवत असलेली रास, आपल्या भाषेत लग्न. त्यावरून नशीब, आणि नशीबवान तो तालेवार. जुन्या पत्रव्यवहारात 'इत्तला' भेटते, म्हणजे खबर. ती याच घरची. आणि सुरेश भटांमुळे जो शब्द मराठी गझल ऐकणाऱ्या प्रत्येकाला माहीत झाला तो 'मतला', गझलेचा पहिला शेर. मतला म्हणजे उगवण्याची जागा. गझल जिथून उगवते तो मतला. हे मला समजलं तेव्हा मी शाळेतून घरी जाताना वाटेत थांबलो होतो.

अर्थ कळला, पण प्रश्न राहिला. हे नाव पुरुषाचं की बाईचं? आणि दोघांचंही असेल तर का?

याचं उत्तर शब्दाच्या शेवटच्या 'त'मध्ये आहे. अरबीत व्याकरणाला लिंगाची फार काळजी. नामाला लिंग, क्रियापदाला लिंग, 'तू'सुद्धा पुरुषाला वेगळा आणि बाईला वेगळा. स्त्रीलिंगी नामांच्या शेवटी बहुधा एक खास अक्षर येतं, गोल 'ते'. पुढच्या शब्दाशी जोडून म्हटलं तर त्याचा उच्चार 'त', थांबून म्हटलं तर नुसता 'अ' किंवा 'आ'. म्हणजे अरबाच्या दृष्टीने 'तलअ' हा शब्द स्त्रीलिंगी. (या अक्षराची पुरुषांचीही नावं अरबीत आहेत. हमजा, तल्हा, उसामा. व्याकरण आणि बारसं यांचं सगळीकडे जमतंच असं नाही.)

पुढे अरबी शब्द इराणात गेले. फारसी भाषेला व्याकरणात लिंगच नाही. 'तो' आणि 'ती' या दोहोंना एकच सर्वनाम, 'ऊ'. तुर्कीचंही तेच, तिथे दोघांनाही 'ओ'. अशा भाषांत तो शेवटचा 'त' आला खरा, पण स्त्रीलिंगाची खूण म्हणून त्याला काही काम उरलं नाही. तो साधा 'त' झाला आणि गोल अक्षराऐवजी लांबट, साध्या 'ते'ने लिहिला जाऊ लागला. खूण पुसली गेली. मग ज्याला अर्थ आवडला त्याने मुलाला नाव ठेवलं, कोणी मुलीला ठेवलं. हरकत घ्यायला व्याकरण जागेवर नव्हतंच.

म्हणून हे नाव देश बदललं की चाल बदलतं. इराणात तलअत ही बाई. तुर्कस्तानात तलअत हा पुरुष. पहिल्या महायुद्धातला तुर्की सत्ताधीश तलअत पाशा हा आर्मेनियन लोकांच्या संहाराचा मुख्य सूत्रधार. नाव उजेडाचं असलं म्हणून माणूस तसा निघतो असं नाही. तुर्की अमलात हे नाव पुन्हा अरबांकडे परतलं, पण परतलं ते लांबट 'ते' घेऊन आणि पुरुष होऊन. १९२० मध्ये इजिप्तची पहिली स्वदेशी बँक, बँक मिस्र, काढणारे तलअत हर्ब यांचा पुतळा कैरोच्या मध्यवस्तीतल्या चौकात उभा आहे. आणि आपल्याकडे, फारसीचं बोट धरून आलेलं म्हणून, दोन्ही.

तलअत एकटं नाही, ही सगळी बिरादरीच आहे. इस्मत चुगताई या उर्दूतल्या बिनधास्त लेखिका, आणि इस्मत इनोनू हे तुर्कस्तानचे दुसरे राष्ट्राध्यक्ष. शौकत अली हे खिलाफत चळवळीतले मौलाना, आणि शौकत कैफी या रंगभूमी गाजवणाऱ्या अभिनेत्री. नुसरत फतेह अली खान कव्वाल, आणि नुसरत भुट्टो राजकारणात. इशरत, फरहत, रिफअत हीही त्यातलीच.

आपण मराठी माणसं याला हसायचं कारण नाही. हिंमत, दौलत, बरकत, इज्जत, किंमत हे शब्द पाहा. सगळे अरबी, सगळ्यांच्या शेवटी तोच 'त', आणि मराठीत सगळे स्त्रीलिंगी. ती हिंमत, ती दौलत. पण माणसाचं नाव ठेवताना आपण त्यांना 'राव' जोडला आणि झाले हिंमतराव आणि दौलतराव. महादजींच्या मागे ग्वाल्हेरची गादी चालवणारे दौलतराव शिंदे म्हणजे मुळात एक स्त्रीलिंगी अरबी शब्द, हे त्यांच्या दरबारात कोणी बोलून दाखवलं नसेल. आमच्या गल्लीत दौलतबीही होती. तिथे 'बी'ने काम भागवलं.

शिक्षक आहे म्हणून राहवत नाही, आणखी एक सांगतो. त्याच गोल अक्षराचे काही शब्द फारसीतून 'त'ऐवजी 'आ' घेऊन आले. कायदा, फायदा, किस्सा, दर्जा. अरबीत तेही स्त्रीलिंगी. मराठी कानाला 'आ' म्हणजे घोडा, आंबा, पुल्लिंगी. म्हणून तो कायदा, तो फायदा. अक्षर एकच, 'त' होऊन आलं ते मराठीत बाई झालं आणि 'आ' होऊन आलं ते बाप्या. आणि कमल हे नाव घ्या. महाराष्ट्रात कमल म्हणजे मावशी किंवा आत्या, उत्तरेत कमल म्हणजे काका. किरणची तर दोन्हीकडे तीच गत.

तलत मेहमूद यांचंही एक सांगायला हवं. लखनौला १९२४ मध्ये जन्मलेला हा गायक कलकत्त्यात बंगाली गाणी गायला लागला तेव्हा त्याला 'तपनकुमार' हे नाव घ्यावं लागलं होतं. तपन म्हणजे सूर्य. नाव बदलणाऱ्याला तलअतचा अर्थ ठाऊक होता की हा नुसता योगायोग, कोण जाणे. पण नाव बदलूनही माणूस उगवतीलाच राहिला.

आता माझा 'कुमार'.

पटावरचा तो शब्द माझ्या हातून खोडायचा राहिला. पटावरून तो दाखल्यात गेला, दाखल्यावरून पुढच्या शाळेत. मुलगी हुशार होती. २००७ मध्ये बारावी झाली, बाहेरगावी पुढच्या शिक्षणाला प्रवेश मिळाला आणि वसतिगृहाच्या यादीत तिचं नाव लागलं ते मुलांच्या इमारतीत. तोवर मुलींच्या जागा भरल्या होत्या. दरम्यान दुसऱ्या एका कागदावर कोणीतरी 'ल'चा 'ळ' केला होता. तलतची झाली 'तळत', जणू बाई भजी काढत बसलीय. प्रतिज्ञापत्र, शिक्के, सोलापूरच्या खेपा. यात तिचं पहिलं सत्र गेलं. वडील वैतागले. नातेवाइकांनी सल्ला दिला, पुढे 'परवीन' लावून टाका, बाई असल्याचं दिसेल तरी. ती नाही म्हणाली. आजोबा तोवर गेले होते आणि त्यांनी ठेवलेल्या नावाला शेपूट लावायचं नाही, एवढंच तिचं म्हणणं.

मी तिच्या घरी गेलो आणि चूक माझी आहे असं सांगितलं. दुरुस्तीच्या अर्जाला माझं पत्र जोडलं. तिने चहा दिला आणि म्हणाली, "सर, तुम्ही एकट्यानेच नाही केली. सगळेच आधी 'आला का' विचारतात." मला त्याने काही हलकं वाटलं नाही.

मागच्या पावसाळ्यात ती पुन्हा आली. आता स्वतः शिक्षिका आहे. भावाला मुलगी झाली होती आणि नाव ठेवायचा मान हिचा. आत्याचा मान आपल्याकडे दोन्ही घरांत सारखाच. म्हणाली, "सर, माझ्या जातीचं नाव पाहिजे. मुलगा म्हणाल तर मुलगा, मुलगी म्हणाल तर मुलगी." मी विचारलं, "एवढं सोसून पुन्हा तेच?" ती म्हणाली, "त्रास नावाने दिला का, सर?"

आम्ही बसून नावं काढली. इशरत म्हणजे आनंद. नुसरत म्हणजे मदत, विजय. तिचं मन रिफअतवर बसलं. रिफअत म्हणजे उंची, थोरवी. मूळ र-फ-अ, वर उचलणे. मोहम्मद रफींमधला 'रफी', म्हणजे उंच, तो याच मुळाचा. आणि आपण भांडण 'रफादफा' करतो त्यातला रफाही. ती हसली. म्हणाली, "म्हणजे घरात तलत पण झाली, रफी पण झाले."

आठवड्याने ती जन्मनोंदणीचा अर्ज घेऊन आली, देण्याआधी एकदा नजर टाका म्हणून. नाव ठळक देवनागरीत लिहिलं होतं, 'रिफअत', मधला 'अ' सुटा आणि मोठा. मी चष्मा लावला. आधी नाव नाही पाहिलं. लिंगाचा रकाना पाहिला.