पाळीव सापाचे घर : काचेची पेटी म्हणजे घर नव्हे

साकोली : मृग लागला आणि धानाच्या बांध्यांत पाणी साचू लागले की साकोली तालुक्यात साप दिसण्याचे प्रमाण एकदम वाढते. बिळात पाणी शिरल्याने बाहेर पडलेली धामण, उंदरामागे माजघरापर्यंत आलेला नाग, तणसीच्या ढिगात दडून बसलेली घोणस (या भागात तिला परड म्हणतात) ही येथील दरवर्षीची दृश्ये आहेत. एका बाजूला नागझिऱ्याचे जंगल आणि जागोजागी मामा तलाव असलेल्या या परिसरात सापाचे अप्रूप कुणाला नाही. अलीकडे मात्र एक वेगळेच आकर्षण निर्माण झाले आहे. मोबाईलच्या पडद्यावर दिसणारे नारिंगी, पिवळे, ठिपकेदार विदेशी साप आणि त्यांना अंगाखांद्यावर खेळविणारे मालक पाहून, कुत्रा-मांजराप्रमाणे साप पाळावा, असे मोठ्या शहरांतीलच नव्हे तर तालुक्याच्या गावांतील तरुणांनाही वाटू लागले आहे. काचेची पेटी आणली, त्यात पाण्याची वाटी ठेवली की झाले, असा त्यांचा समज असतो. हा समज सापाच्या जिवावर बेततो आणि काही वेळा मालकालाही तुरुंगाचे दार दाखवितो.

बांधीतला साप घरात नको

पहिली गोष्ट स्पष्ट असलेली बरी. भारतीय साप पाळता येत नाही. वन्यजीव संरक्षण अधिनियम, १९७२ नुसार वन्यप्राण्याला पकडणे किंवा पकडण्याचा प्रयत्न करणे हीदेखील शिकारच ठरते. धामण बिनविषारी आहे, उंदीर खाऊन शेतकऱ्यावर उपकारच करते, म्हणून ती घरी ठेवली तर चालेल, असे होत नाही. अधिनियमात २०२२ मध्ये झालेली दुरुस्ती १ एप्रिल २०२३ पासून लागू झाली. अनुसूची एकमधील प्राण्यांबाबतच्या गुन्ह्याला किमान तीन ते कमाल सात वर्षे कैद आणि किमान २५ हजार रुपये दंड, अशी तरतूद आहे. भारतीय अजगर या अनुसूचीत आहे. 'मांडूळ घरात ठेवले की धन येते' या भाबड्या समजुतीपोटी राज्यात कितीतरी जण पोलीस कोठडीत जाऊन आले. धन आल्याचे मात्र अद्याप ऐकिवात नाही.

कायद्याची कसोशी किती, हे सांगली जिल्ह्यातील बत्तीस शिराळा या गावाच्या उदाहरणावरून कळते. नागपंचमीला जिवंत नागांची पूजा करण्याची तेथील जुनी प्रथा न्यायालयाच्या निर्बंधांमुळे थांबली. २०२५ मध्ये केवळ शैक्षणिक हेतूने २१ नाग पकडण्यास मुभा मिळाली, तीही थेट केंद्र सरकारकडून.

विदेशी सापांचे प्रकरण निराळे आहे. आफ्रिकेतील बॉल पायथन, अमेरिका खंडातील बोआ यांसारख्या प्रजातींचा व्यापार 'साइटिस' या आंतरराष्ट्रीय कराराने नियंत्रित केला आहे आणि त्या करारातील प्रजातींसाठी आता आपल्या अधिनियमात स्वतंत्र प्रकरण व स्वतंत्र अनुसूची आहे. केंद्राने २८ फेब्रुवारी २०२४ रोजी अधिसूचित केलेल्या नियमांनुसार असा प्राणी बाळगणाऱ्याने 'परिवेश' संकेतस्थळावर त्याची नोंदणी करणे बंधनकारक आहे. आधीपासून प्राणी असलेल्यांना सहा महिन्यांची मुदत होती; ती केव्हाच संपली. नव्याने प्राणी घेणाऱ्याला तीस दिवस मिळतात. जन्म, मृत्यू, हस्तांतर अशी प्रत्येक घडामोड कळवावी लागते. विक्रेता कागदपत्रे दाखवीत नसेल, तर तो साप कुणाच्या तरी सामानातून चोरून आला असण्याची शक्यता अधिक. असा साप स्वस्तात मिळाला तरी तो महागच पडतो.

घर म्हणजे दोन हवामाने

आता मुद्दा घराचा. साप शीतरक्ताचा प्राणी आहे, असे शाळेत शिकविले जाते. त्याचा नेमका अर्थ असा की, त्याचे शरीर स्वतःची उष्णता स्वतः तयार करून टिकवू शकत नाही. ऊब हवी असेल तर तो उबदार जागी जातो, नको असेल तर सावलीत सरकतो. रानात त्याला दगड, बीळ, झुडूप, पाणवठा असे असंख्य पर्याय असतात. पेटीत ठेवल्यावर हे सारे पर्याय मालकाने पुरवायचे असतात. म्हणून सापाच्या पेटीत एक तापमान असून चालत नाही. एक टोक उबदार आणि दुसरे थंड हवे. बॉल पायथनसाठी उबदार टोक सुमारे ३१ ते ३३ अंश सेल्सिअस आणि थंड टोक २४ ते २७ अंश ठेवतात. अमेरिकेच्या आग्नेय भागातील कॉर्न स्नेकला त्याहून थोडे कमी, म्हणजे २८ ते ३० आणि २१ ते २४ अंश मानवते. दोन्ही टोकांना एकेक तापमापक लावला नाही, तर हे सारे अंदाजपंचे ठरते.

पेटीची लांबी निदान सापाच्या लांबीइतकी असावी, म्हणजे त्याला सरळ पसरता येईल. पूर्ण वाढलेल्या बॉल पायथनसाठी चार फूट लांब, दोन फूट रुंद आणि दोन फूट उंच पेटी योग्य समजली जाते. दोन फुटी माशांची टाकी ही पिलाची तात्पुरती सोय झाली. शिवाय माशांची टाकी वरून उघडी असते आणि साप हा पलायनात निष्णात असतो. त्याचे डोके जेथून जाईल तेथून उरलेले अंगही जाते. त्यामुळे सरकती काच आणि तिला कुलूप हवेच. हवा खेळण्यासाठी बाजूला बारीक छिद्रे असावीत. खरखरीत जाळी मात्र टाळावी. तिच्यावर नाक घासून घासून साप जखमी होतो.

साकोलीत प्रश्न उलटा

साप पाळण्याविषयीची बहुतेक पुस्तके थंड देशांतील लोकांनी लिहिली आहेत. त्यांत पानेच्या पाने पेटी गरम कशी ठेवावी यावर असतात. पूर्व विदर्भात प्रश्न उलटा आहे. मे महिन्यात येथे पारा ४४-४५ अंशांपर्यंत चढतो. टिनाच्या छताखालची खोली तर याहूनही तापते. सापाला घाम येत नाही. ३५ अंशांच्या पुढे फार काळ राहावे लागले, तर बॉल पायथनसारखा उष्ण प्रदेशातला सापही संकटात येतो, आणि चाळिशीच्या घरात बंद पेटीत तो तग धरत नाही. खिडकीतल्या उन्हात ठेवलेली काचेची पेटी काही मिनिटांत भट्टी होते. आफ्रिकेतील साप आहे, त्याला उन्हाची सवय असेल, हा युक्तिवाद फसवा आहे. तेथेही भर उन्हात तो उंदरांच्या बिळात किंवा वाळवीच्या वारुळात पडून असतो.

म्हणून येथे पेटीची जागा ठरविणे हेच निम्मे काम आहे. घरातली सर्वांत थंड, तळमजल्यावरची, पश्चिमेची भिंत नसलेली खोली निवडावी. काचेपेक्षा लाकडी किंवा प्लायवूडची, केवळ पुढे काच असलेली पेटी उष्णता कमी आत घेते. कूलर कोरड्या मे महिन्यात उत्तम काम करतो. पण त्याचा झोत थेट पेटीवर नको. दुपारी वीज गेली की कूलर थांबतो, आणि खरा धोका नेमका तेव्हाच असतो. बर्फ झालेली पाण्याची बाटली कापडात गुंडाळून पेटीच्या झाकणावर ठेवणे, पेटीवर ओले पोते टाकताना हवेची छिद्रे मोकळी ठेवणे, असे साधे उपाय तास-दोन तास निभावून नेतात. दिवसभर घर बंद ठेवून नोकरीवर जाणाऱ्या कुटुंबाने याचा विचार साप आणण्यापूर्वीच करावा.

पावसाळ्यात कूलर निरुपयोगी होतो आणि आर्द्रता डोके वर काढते. बॉल पायथनला ५० ते ७० टक्के आर्द्रता चालते. कॉर्न स्नेकला मात्र सतत ओलसर तळ सोसत नाही. पोटाचे खवले सडू लागतात. याउलट हवा फार कोरडी झाली, तर कात तुकड्या-तुकड्यांनी निघते आणि डोळ्यांवरची पापुद्र्यासारखी टोपी तशीच चिकटून राहते. ती नखाने ओढण्याचा उपद्व्याप कुणी करू नये.

हिवाळ्याचे दोन महिने मात्र ती परदेशी पुस्तके उपयोगी पडतात. डिसेंबर-जानेवारीच्या रात्री पारा १०-१२ अंशांपर्यंत उतरतो. अशा थंडीत सापाला अन्न पचत नाही. खाल्लेला उंदीर तो ओकून टाकतो, श्वसनाचा संसर्गही जडतो. त्यासाठी पेटीच्या तळाखाली, बाहेरून, एक तृतीयांश भागापुरती उष्णता देणारी चटई लावतात. ती थर्मोस्टॅटशिवाय कधीही जोडू नये. दिवा लावल्यास त्याभोवती जाळीचा पिंजरा हवा. विजेवर तापणारे कृत्रिम दगड तर आणूच नयेत. पोटाला चटका बसत असतानाही साप अशा दगडावरून हलत नाही, असे अनेकदा आढळले आहे.

लपायला जागा, अंथरायला वर्तमानपत्र

बाकीची मांडणी फारशी खर्चिक नाही. लपायला दोन जागा हव्यात, एक उबदार टोकाला, एक थंड टोकाला. एकच ठेवली, तर साप ऊब आणि सुरक्षितता यांपैकी एकाची निवड करीत बसतो आणि बहुधा सुरक्षितता निवडून आजारी पडतो. फुटक्या माठाचा अर्धा भाग, कडा घासून गुळगुळीत केला, तर त्यासाठी उत्तम. पाण्याचे भांडे जड, उलटणार नाही असे आणि साप त्यात वेटोळे घालून बसू शकेल एवढे असावे. पाणी रोज बदलावे. तळाला जुने वर्तमानपत्र अंथरले तरी पुरते. घाण लगेच दिसते, लगेच बदलता येते. काथ्याचा भुगाही चालतो. या भागात गिरणीवर फुकट मिळणारे धानाचे तूस वापरण्याचा मोह होईल. परंतु त्याची बारीक धूळ सापाच्या श्वसनाला घातक ठरू शकते. देवदाराचा भुसाही त्याच्या वासामुळे वर्ज्य आहे.

सापाला दूध पाजू नये, हे आता तरी सांगावे लागू नये. पण दर नागपंचमीला सांगावे लागते. त्याचे अन्न उंदीर आहे. मोठ्या सापाला ते आठवड्या-दोन आठवड्यांनी एकदा पुरते. जिवंत उंदीर पेटीत सोडून मालक झोपी गेला, तर सकाळी उंदरानेच सापाला कुरतडलेले असते. जेवणानंतर दोन दिवस सापाला हात लावू नये, आणि हात लावल्यावर साबणाने धुवावा; सरपटणाऱ्या प्राण्यांच्या अंगावर साल्मोनेला जिवाणू असू शकतात.

पुण्यात १९८० मध्ये नीलिमकुमार खैरे यांनी ७२ विषारी सापांसह ७२ तास काचेच्या खोलीत राहून विक्रम केला होता. डिवचल्याशिवाय साप चावत नाही, हे त्यांना दाखवायचे होते. पुढे १९८६ मध्ये कात्रजला सर्पोद्यान उभे राहिले. सर्पोद्यानात कायमचा निवारा उभारताना ऊन, सावली, पाणी आणि आडोसा या चार गोष्टींनाच महत्त्व असते.

नको झाला तर?

बॉल पायथन चांगल्या निगराणीत वीस ते तीस वर्षे जगतो. बारावीतल्या मुलाने हौसेने आणलेला साप त्याचे लग्न होऊन मुले शाळेत जाईपर्यंत घरात असतो, आणि शिक्षणासाठी मुलगा पुण्या-नागपूरला गेला की उंदीर आणण्याची जबाबदारी आई-वडिलांवर पडते. सापांवर उपचार करणारा पशुवैद्यक तालुक्याच्या ठिकाणी सहसा मिळत नाही. नागपूर येथून सुमारे शंभर किलोमीटर आहे.

कंटाळा आला म्हणून असा साप नागझिऱ्यात किंवा एखाद्या तलावाकाठी सोडून देणे हा सर्वांत वाईट मार्ग. अमेरिकेतील फ्लोरिडाच्या दलदलीत सुटलेल्या आशियाई अजगरांनी तेथील सस्तन प्राण्यांची संख्या कशी घटविली, हे जगाने पाहिले आहे. परका साप जगला नाही, तरी त्याच्या अंगावरचे गोचिडासारखे परजीवी आणि रोग स्थानिक सापांपर्यंत पोहोचू शकतात. नको झालेल्या नोंदणीकृत सापाचे हस्तांतर नियमानुसार करावे किंवा वन विभागाला कळवावे. घरात शिरलेल्या देशी सापासाठीही तोच मार्ग आहे. वन विभागाची १९२६ ही निःशुल्क मदतवाहिनी त्यासाठीच आहे. सर्पमित्र येईपर्यंत सापावर नजर ठेवून सुरक्षित अंतरावर उभे राहावे, बरणीत कोंडण्याच्या फंदात पडू नये. दंश झालाच, तर १०८ क्रमांकावर रुग्णवाहिका बोलावून थेट रुग्णालय गाठावे.