राऊल कुतार : छायालेखक आणि त्यांचा उजेड

१९६० च्या सुमारास फ्रेंच चित्रपटाचे रूप पालटले, त्याचे श्रेय बहुधा दिग्दर्शकांच्याच पदरात पडते. परंतु ‘नवी लाट’ म्हणून ओळखल्या जाणाऱ्या त्या चित्रपटांचे दृश्यरूप ज्यांनी घडवले, त्या छायालेखकांत राऊल कुतार (१९२४-२०१६) यांचे नाव प्रथम घ्यावे लागते. स्टुडिओत उमेदवारी करून ते या व्यवसायात आलेले नव्हते. इंडोचायनातील युद्धकाळात त्यांनी छायाचित्रकार म्हणून काम केले होते, आणि समोर असेल त्या उजेडात, प्रसंग निसटण्यापूर्वी चित्र टिपण्याची तिथली सवय त्यांनी पॅरिसच्या रस्त्यांवर आणली.

जाँ-लूक गोदार यांच्या ‘आ बू द सूफ्ल’ (१९६०) या चित्रपटात कॅमेरा बराच काळ कुतार यांच्या हातातच होता. कमी उजेडातही प्रतिमा उमटावी यासाठी जी अतिसंवेदी फिल्म हवी होती, ती इलफर्ड कंपनी छायाचित्रांच्या कॅमेऱ्यांसाठी बनवत असे. म्हणून तिची साडेसतरा मीटरची भेंडोळी एकमेकांना जोडून वापरण्यात आली. फिरत्या दृश्यांसाठी रूळ अंथरण्याऐवजी कुतार यांना चाकांच्या खुर्चीत बसवून ढकलले जाई.

घरातील दृश्यांसाठी त्यांनी दिव्यांचा झोत नटांवर न रोखता छताकडे वळवला. छतावरून परावर्तित होऊन उतरणारा उजेड खोलीभर सारखा पसरतो, सावल्या मऊ पडतात आणि नटाला आखून दिलेल्या जागी खिळून राहावे लागत नाही. (परावर्तित प्रकाशाचा असाच उपयोग सुब्रत मित्र यांनी सत्यजित राय यांच्या ‘अपराजितो’त, १९५६ मध्येच, केला होता, हे येथे नोंदवायला हवे.)

ही शैली केवळ पैशांच्या चणचणीतून जन्मली, हे स्पष्टीकरण मात्र अपुरे आहे. ‘ल मेप्री’ (१९६३) हा रंगीत आणि रुंद पडद्यासाठी चित्रित केलेला चित्रपट पाहिला, की काप्री बेटावरील लाल घर आणि त्याखालचा निळा समुद्र यांची मांडणी करणारा हा छायालेखक सावकाश, तोलूनमापूनही काम करू शकत होता, हे ध्यानात येते. त्रुफो यांचा ‘ज्यूल ए जिम’ आणि कोस्ता-गाव्रास यांचा ‘झेड’ हेही त्यांचेच काम. १९७० मध्ये व्हिएतनाम युद्धावरील ‘होआ-बिन्ह’ त्यांनी स्वतः दिग्दर्शित केला.

गोदार यांच्याकडे ते परतले ‘पासिऑं’साठी (१९८२). त्यात रेम्ब्रां, गोया यांची चित्रे स्टुडिओत जिवंत माणसे उभी करून साकारली जातात, आणि कथेतला दिग्दर्शक मनाजोगा प्रकाश मिळत नाही म्हणून चित्रीकरण पुन्हापुन्हा थांबवतो.