मूत्रपिंडे युरिया परत का घेतात?

कोकणात मोरी विकत घेताना जाणते गिऱ्हाईक आधी वास घेते. शार्कच्या कुळातला हा मासा जरा शिळा झाला, की त्याला अमोनियाचा उग्र दर्प सुटतो. शार्कच्या लिटरभर रक्तात २० ग्रॅमच्या आसपास युरिया असतो आणि मासा मेल्यावर जिवाणू त्याचा अमोनिया करतात. माणसाच्या रक्तात हेच प्रमाण लिटरमागे अर्ध्या ग्रॅमच्याही आत असते. मोरी युरिया साठवते ती जगण्यासाठी. त्याच्यामुळे तिच्या अंगातले द्रव समुद्राइतके घट्ट राहतात आणि समुद्राचे खारे पाणी तिच्या अंगातले पाणी शोषून घेऊ शकत नाही.

आपल्या शरीरात युरिया येतो तो प्रथिनांमधून. डाळ, अंडी, मासळी यांतली अमिनो आम्ले ऊर्जेसाठी वापरली गेली, की त्यांतला नायट्रोजन अमोनियाच्या रूपात सुटतो. अमोनिया मेंदूला घातक. बहुतेक मासे तो कल्ल्यांवाटे थेट पाण्यात सोडतात. जमिनीवर तो विरवायला एवढे पाणी कुठून आणायचे? म्हणून आपले यकृत त्याचा कितीतरी कमी विषारी युरिया करते. ही चक्राकार प्रक्रिया १९३२ मध्ये जर्मनीत हान्स क्रेब्स आणि कुर्ट हेन्सेलाइट यांनी उलगडली. बेडकाच्या एकाच आयुष्यात हा बदल दिसतो: पाण्यातले पिल्लू मुख्यतः अमोनिया टाकते, जमिनीवर आलेला बेडूक युरिया.

पुढचे काम मूत्रपिंडांचे. प्रत्येक मूत्रपिंडात नेफ्रॉन नावाच्या सुमारे १० लाख सूक्ष्म गाळण्या असतात. दोन्ही मूत्रपिंडे मिळून दिवसाला जवळपास १८० लिटर द्रव गाळतात आणि लघवी होते जेमतेम दीड-दोन लिटर. बाकीचे पाणी, ग्लुकोज आणि बहुतेक क्षार रक्तात परत जातात. यात नवल नाही. मला विलक्षण वाटते ते हे, की गाळलेल्या युरियापैकीही सुमारे निम्मा परत घेतला जातो!

त्यातला काही युरिया मूत्रपिंडाच्या आतल्या गाभ्यात साठतो. मीठ आणि युरिया मिळून तो भाग रक्ताच्या चौपट घट्ट करू शकतात. लघवीच्या नलिका तिथूनच खाली उतरतात. अंगात पाणी कमी असले, की मेंदूकडून आलेले संप्रेरक त्यांच्या भिंती पाण्यासाठी मोकळ्या करते आणि गाभा पाणी ओढून घेतो. मोरी जे सगळ्या शरीरात करते, ते आपण मुठीएवढ्या अवयवात करतो.

म्हणूनच जेवणात प्रथिने फारच कमी असली, तर युरियाही कमी बनतो आणि शरीराला लघवी पुरेशी घट्ट करून पाणी वाचवता येत नाही. अशा माणसांना प्रयोगात युरिया दिल्यावर ही क्षमता सुधारलेली आढळली आहे.

उलट, अंगातले पाणी आटले की मूत्रपिंडे जास्त युरिया परत घेतात. तपासणीच्या कागदावर युरिया वाढलेला दिसला, म्हणजे मूत्रपिंडे बिघडलीच असे नव्हे. डॉक्टर सोबत क्रिएटिनिन हा रक्तातला दुसरा टाकाऊ पदार्थही पाहतात, कारण ते एकदा गाळले गेले, की मूत्रपिंडे जवळजवळ परत घेतच नाहीत.