धडा चालू लागतो तेव्हा: विजया मुळे यांची चित्रपटवाट

१ ऑगस्ट १९७५ रोजी ‘साइट’ हा उपग्रह दूरचित्रवाणीचा प्रयोग सुरू झाला. नासाचा एटीएस-६ उपग्रह वर्षभरासाठी मिळाला होता आणि सहा राज्यांतली सुमारे २४०० गावं निवडली होती. त्यांत कर्नाटकातला गुलबर्गा जिल्हा होता, महाराष्ट्राचं नाव मात्र नव्हतं. म्हणजे महाराष्ट्रातल्या उमरग्याच्या शिवेपलीकडच्या जिल्ह्यात शाळकरी पोरांसाठी सकाळचे कार्यक्रम लागत होते, आणि अलीकडे, आजच्या धाराशिवात, त्या प्रयोगाचा पत्ताच नव्हता. मुलांचे हे कार्यक्रम करणाऱ्या दिल्लीतल्या शैक्षणिक तंत्रज्ञान केंद्राच्या प्रमुख होत्या विजया मुळे.

त्यांचा जन्म १९२१ चा, मुंबईचा. लग्नानंतर त्या पाटण्याला गेल्या आणि तिथे बी.ए. झाल्या. पुढे इंग्लंडमधल्या लीड्सला शिक्षणशास्त्र शिकताना चांगल्या सिनेमाची गोडी लागली. परतल्यावर पाटण्यात आणि मग दिल्लीत त्या फिल्म सोसायटीच्या कामात पडल्या. १९५९ मध्ये देशभरातल्या सोसायट्यांचा महासंघ झाला, अध्यक्ष सत्यजित राय. त्याच्या उभारणीत मुळेबाई होत्या. १९६७ मध्ये त्यांनी ‘द टायडल बोअर’ हा माहितीपट केला.

मराठी माणसाला चलच्चित्राचा, म्हणजे ॲनिमेशनचा, नाद जुनाच. दादासाहेब फाळक्यांनी १९१५ च्या सुमारास ‘आगकाड्यांची मौज’मध्ये काड्या नाचवल्या, ‘प्रभात’साठी रघुनाथ केळकरांनी १९३४ मध्ये ‘जंबू काका’ हे व्यंगचित्र केलं. फिल्म्स डिव्हिजनच्या कार्टून विभागाला डिस्नेकडच्या क्लेअर वीक्सनी वळण लावलं. मुळेबाईंना पुढे साथ देणारे ॲनिमेटर भीमसेन याच फिल्म्स डिव्हिजनमध्ये तयार झाले.

मुळेबाई काही चित्रकार नव्हत्या. पण १९७४ मध्ये फिल्म्स डिव्हिजनसाठी त्यांनी ‘एक अनेक और एकता’ दिग्दर्शित केला, चित्रं आणि ॲनिमेशन भीमसेन यांचं, संगीत सावंतवाडीकडच्या वसंत देसाईंचं. दाभोळच्या साधना घाणेकरचा कोवळा आवाज त्यात आहे. पुढे तिला साधना सरगम म्हणून सगळे ओळखू लागले. शैक्षणिक चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कारही या सात मिनिटांना मिळाला.

सात मिनिटांत शिक्षिकेची आखणी स्पष्ट दिसते. धाकटा विचारतो, अनेक म्हणजे काय? ताई व्याख्या सांगत बसत नाही. आधी सूर्य एक, चंद्र एक, चांदण्या पुष्कळ. मग खारी एकेक करत वाढतात, फुलपाखरांचंही तसंच. डोळ्यांना कळलं की मगच गोष्ट येते: दाणे टिपायला उतरलेले पक्षी, पारध्याचं जाळं, सगळ्यांनी मिळून ते घेऊन उडणं, उंदरांनी ते कुरतडणं. पंचतंत्रातला चित्रग्रीव ठाऊक असणाऱ्याला कथा नवी नाही. नवं आहे ते पुढचं. पोरं गोष्ट ऐकून घरी जात नाहीत. झाडावरचे आंबे हाताला लागत नाहीत म्हणून एकमेकांच्या खांद्यांवर चढतात. आपल्या गोविंदाच्या थराचीच युक्ती! शिकवलेलं लगेच वापरून बघायला लावणं, हा सारा डाव मुळेबाईंनी टाकला आणि भीमसेन यांच्या कुंचल्याने तो पुरा केला.

चित्रपट खरा घराघरांत पोचला तो दूरदर्शनमुळे. १९८२ च्या आशियाई खेळांनंतर सहक्षेपण केंद्रं वाढली आणि ‘साइट’ने वगळलेल्या भागांतल्या मुलांनाही तो पाहता आला. ज्या पिढीला ती ताई आठवते, तिच्यातल्या अनेकांना मुळेबाईंचं नाव मात्र सांगता येत नाही. सिनेमातल्या सुहासिनी मुळे त्यांच्या कन्या, हे सांगितलं की ओळख पटते.

मुलांसाठी चित्रपट करणाऱ्या बाईंची नजर पुढे मोठ्यांच्या सिनेमाकडेही वळली. भारतावर परदेशी दिग्दर्शकांनी काढलेल्या चित्रपटांत आपण कसे दिसतो, याचा त्यांनी पिच्छा पुरवला. राजे, योगी आणि गांधी यांच्याभोवती फिरणारं त्यांचं इंग्रजी पुस्तक २०१० मध्ये आलं, तेव्हा त्या नव्वदीच्या उंबरठ्यावर होत्या. २०१९ मध्ये, अठ्ठ्याण्णव वर्षांच्या होऊन, त्या गेल्या. भीमसेन त्याआधी वर्षभर गेले होते.