श्रद्धेच्या घरातला वाद
अमेरिकेतील कृष्णवर्णीयांच्या नागरी हक्क लढ्याला चर्चने बळ दिले. त्याच चर्चमध्ये समलिंगी कृष्णवर्णीयांना मात्र बहुधा मौन पत्करावे लागले. योरूबा रिचेन या स्वतंत्र दिग्दर्शिकेचा ‘द न्यू ब्लॅक’ (२०१३) हा माहितीपट नेमका याच दुखऱ्या जागी कॅमेरा नेतो. निमित्त आहे नोव्हेंबर २०१२ मध्ये मेरीलँड राज्यात समलिंगी विवाहावर झालेल्या सार्वमताचे. दोन्ही बाजूंना श्रद्धावान कृष्णवर्णीयच आहेत. विरोधातील धर्मोपदेशकालाही रिचेन खलनायक ठरवत नाहीत, आणि माहितीपटाचे बळ त्यातच आहे. समलिंगी आकर्षणाची जाहीर कबुली दिल्यावर ज्याच्याकडे धार्मिक संगीतविश्वाने पाठ फिरवली, तो गॉस्पेल गायक टोनेक्सही येथे भेटतो. सार्वमतात विवाहाच्या बाजूने सुमारे ५२ टक्के मते पडली.