विश्लेषण : जपानमध्ये पती-पत्नीचे आडनाव एकच का लागते?

लग्नानंतर आडनाव बदलायचे की नाही, हे भारतात कायदा ठरवत नाही. जपानमध्ये मात्र दोन जपानी व्यक्तींनी एकच आडनाव लावल्याशिवाय विवाहाची नोंदणीच होत नाही.

आडनावे आली कुठून?

पूर्वी अधिकृत आडनाव हा मुख्यतः सामुराई आणि उमरावांचा मान होता. १८७५ मध्ये सरकारने ते सर्वांनाच सक्तीचे केले. अनेक आडनावांत गावशिवार दिसते. ‘तानाका’ म्हणजे भातखाचरांमधला, ‘यामामोतो’ म्हणजे डोंगराच्या पायथ्याचा.

नियम किती जुना?

वाटतो तितका नाही. १८७६ च्या आदेशानुसार लग्नानंतरही स्त्रीने माहेरचेच आडनाव लावायचे होते. १८९८ च्या नागरी कायद्याने कुटुंबाचे एकच आडनाव केले. १९४७ च्या बदलानंतर पतीचे किंवा पत्नीचे, कोणतेही एक निवडता येते. प्रत्यक्षात सुमारे ९५ टक्के जोडप्यांत पत्नीच आडनाव बदलते.

अडचण काय?

बँक खाते, पासपोर्ट, वाहन परवाना, सगळीकडे नाव बदलावे लागते. संशोधक महिलांचे आधीचे शोधनिबंध जुन्याच नावावर राहतात. काही जोडपी नोंदणी न करताच एकत्र राहतात. पण मृत्युपत्र नसेल तर जोडीदाराला वारसाहक्क मिळत नाही.

न्यायालय काय म्हणते?

१९९६ मध्ये न्याय मंत्रालयाच्या सल्लागार मंडळाने वेगळ्या आडनावांची मुभा द्यावी, असे सुचवले. सर्वोच्च न्यायालयाने मात्र २०१५ आणि २०२१ मध्ये हा नियम घटनेला धरूनच असल्याचे सांगितले आणि बदलाचा निर्णय संसदेवर सोडला.