खो-खोची अंतिम लढत आणि संध्याकाळचा एक तास

आज बचतीचं, कर्जाचं, पापड-मसाल्याचं काही बोलायचं नाही. आज खेळाचं बोलायचं आहे. पण वही-पेन जवळ असू द्या, शेवटी लिहून घेण्यासारखं थोडं आहे.

१९ जानेवारी २०२५, रविवार. भांडुपला डोंगराच्या बाजूच्या वस्तीत आमच्या गटाची महिन्याची बैठक होती. दहा बाय बाराच्या खोलीत आम्ही चौदा जणी. बचतीचे पैसे मोजून झाले, हप्ते वहीत चढले, चहा फिरला. तेवढ्यात घरातल्या मुलीने फोन डाळीच्या डब्याला टेकवून ठेवला आणि म्हणाली, "मावशी, जरा बघा ना, फायनल आहे." दिल्लीच्या इंदिरा गांधी स्टेडियममध्ये पहिल्या खो-खो विश्वचषकाची महिलांची अंतिम लढत सुरू होती. भारताविरुद्ध नेपाळ.

आमच्यातल्या बऱ्याच जणी साताऱ्याच्या, रत्नागिरीच्या, बीडच्या. शाळेत खो-खो खेळली नाही अशी एकही नव्हती. पण पडद्यावर मातीऐवजी चटई, अंगावर रंगीत गणवेश, डोळे दिपवणारे दिवे. आणि गुण दिसत होते ३४-०. एक काकू म्हणाल्या, "अगं, चौतीस गडी कुठून आले बाद करायला?" तिथून आमची शिकवणी सुरू झाली.

खेळाचा गाभा तोच आहे, जो आपण शेणाने सारवलेल्या अंगणात किंवा शाळेच्या पटांगणात खेळलो. दोन टोकांना दोन खांब. मधल्या पाटीवर आठ जणी ओळीने बसलेल्या, एकीचं तोंड इकडे तर दुसरीचं तिकडे. नववी पाठलाग करणारी. समोरच्या संघाच्या मुली तीन-तीनच्या तुकडीने मैदानात उतरतात आणि पळत, हुलकावण्या देत वेळ काढतात. त्यांना कुठूनही, कसंही पळता येतं. बसलेल्यांच्या मधून नागमोडी जाता येतं. पाठलाग करणारीला मात्र बंधनं फार. एकदा एका दिशेला निघाली की खांबापर्यंत गेल्याशिवाय मागे फिरायचं नाही. मधली पाटी ओलांडायची नाही. समोरची एका हाताच्या अंतरावरून पलीकडे निसटली तर हिला एकच मार्ग उरतो. बसलेल्या मैत्रिणीच्या पाठीवर हात ठेवून मोठ्याने "खो" म्हणायचं आणि आपण तिच्या जागी बसायचं.

म्हणून हा खेळ जितका पळणारीचा, तितकाच बसलेलीचा. बसलेली मुलगी आराम करत नसते. तिची बोटं जमिनीला टेकलेली असतात, टाच उचललेली असते, नजर पळणारीवर असते. पाठीवर हात पडला की त्याच क्षणी सुटायचं. अर्धा सेकंद उशीर झाला तर पुढचे दहा सेकंद वाया.

आता गुणांचं. विश्वचषकात एक गडी बाद केला की दोन गुण. म्हणजे चौतीस गुण हे सतरा गडी. तीन जणींची तुकडी बाद झाली की दुसरी उतरते, ती बाद झाली की तिसरी. वेळ संपेपर्यंत हे चालूच. तेव्हा काकूंना उत्तर मिळालं. आणखी एक नियम आमच्या लहानपणी नव्हता. बचाव करणारी तुकडी तीन मिनिटं टिकली तर तिच्या संघाला एक गुण, आणि पुढे दर तीस सेकंदाला आणखी एक. त्याला 'ड्रीम रन' म्हणतात. नुसतं न सापडणं हीसुद्धा कमाई!

प्रत्येक संघ दोनदा पाठलाग करतो, दोनदा बचाव. त्या प्रत्येक भागाला टर्न म्हणतात. पहिल्या टर्नमध्ये भारताचे ३४ गुण झाले, नेपाळचा एकही नाही. दुसऱ्या टर्नला नेपाळच्या मुली पाठलागाला उभ्या राहिल्या आणि त्यांनी २४ गुण काढले. भारताला ड्रीम रनचा एकच गुण. झालं ३५-२४. आमच्या खोलीत शांतता पसरली. तिसऱ्या टर्नला मात्र आपल्या मुलींनी १९ गडी टिपले आणि आकडा ७३ वर नेला. चौथ्या टर्नमध्ये नेपाळला मोठी मजल मारायची होती. तिथे चैत्रा बी. नावाची मुलगी आणि तिची तुकडी उभी ठाकली. पाच मिनिटं चौदा सेकंद सापडली नाही. हिशोब करून बघा. तीन मिनिटांचा एक, साडेतीनचा दुसरा, चारचा तिसरा, साडेचारचा चौथा, पाचचा पाचवा. ७३ चे ७८ झाले. नेपाळ ४० वर थांबलं आणि भारत जगज्जेता झाला. त्याच संध्याकाळी पुरुषांनीही नेपाळलाच ५४-३६ असं हरवलं. त्यांचा कर्णधार आपल्या महाराष्ट्राचा प्रतीक वाईकर.

आणि महिलांची कर्णधार प्रियांका इंगळे. मूळ गाव बीड जिल्ह्यातल्या केज तालुक्यात, वाढली पुण्यात. हे ऐकल्यावर आमच्या बीडच्या ताईंनी पदर सावरला, जणू घरचंच कौतुक चाललं होतं. संघात धाराशिवची अश्विनी शिंदे होती, ठाण्याची रेश्मा राठोड होती. चैत्रा कर्नाटकातल्या मैसूरू जिल्ह्यातली, शेतकऱ्याच्या घरातली. या काही बंगल्यात वाढलेल्या मुली नाहीत. धाराशिवच्याच सारिका काळे यांचं उदाहरण घ्या. २०१६ साली गुवाहाटीला दक्षिण आशियाई स्पर्धेत सुवर्ण जिंकणाऱ्या भारतीय संघाच्या त्या कर्णधार. २०२० मध्ये त्यांना अर्जुन पुरस्कार मिळाला. घरची परिस्थिती अशी, की एके काळी दिवसातून एकदाच जेवण मिळायचं, हे त्यांनी स्वतःच सांगितलं आहे. मध्येच खेळ सोडून द्यावा असंही त्यांना वाटलं होतं. प्रशिक्षकांनी समजावलं, घरच्यांनी धीर दिला, आणि त्या पुन्हा मैदानावर आल्या. पुढे त्या तुळजापूरला तालुका क्रीडा अधिकारी झाल्या.

फोन बंद झाला. सगळ्या खुशीत होत्या. एक ताई मात्र गप्प होत्या. मग म्हणाल्या, "आमचीही खेळायची. सातवीपर्यंत. चांगली पळायची."

त्यांची मुलगी तेव्हा आठवीत होती. शाळेच्या संघात होती. दिवाळीनंतर घरच्यांनी मैदान बंद केलं होतं. आम्ही विचारलं, का? त्यांनी बोटं मोजली. एक, सराव संध्याकाळी, आणि नळाला पाणीही संध्याकाळीच. ती गेली तर हंडे कोण भरणार? दोन, पाळी सुरू झाली, आता अर्धी चड्डी घालून चार लोकांत पळणं तिच्या आजीला पटत नाही. तीन, परत यायला अंधार पडतो, गल्लीच्या तोंडाशी पोरं उभी असतात. चार, खेळून पुढे मिळणार काय?

मैत्रिणींनो, या चार कारणांतलं एकही खोटं नव्हतं. म्हणून आम्ही त्या ताईंना उपदेश केला नाही. एकेक कारण घेऊन बसलो.

आधी कपड्यांचं. ही अडचण फक्त आपल्याकडचीच नाही. आयर्लंड नावाच्या देशात हर्लिंग हा गावोगावचा खेळ आहे. लाकडाची चपटी काठी, छोटा चेंडू, दोन्हीकडे पंधरा-पंधरा खेळाडू. त्याची अंतिम लढत डब्लिनच्या क्रोक पार्क मैदानात होते, ऐंशी हजारांहून जास्त लोक बघायला येतात. आणि खेळणाऱ्यांना पगार नाही! प्रत्येक जण आपल्या भागासाठी खेळतो, दुसऱ्या दिवशी कामाला जातो. त्याच खेळाचा बायकांचा प्रकार म्हणजे कमोगी, १९०४ पासून चालत आलेला. तिथे बायकांनी स्कर्टसारखंच काहीतरी घालून खेळायचं असा नियम होता. खेळाडू म्हणत होत्या, आम्हाला त्यात अवघडल्यासारखं होतं, साधी हाफ पँट घालू द्या. मे २०२५ मध्ये डब्लिन आणि किलकेनीच्या संघांतल्या मुली हाफ पँट घालूनच मैदानात आल्या. त्यांना सांगितलं गेलं, कपडे बदला नाहीतर सामना होणार नाही. त्यांनी बदलले, पण गप्प बसल्या नाहीत. त्याच महिन्यात, २२ मे रोजी, त्यांच्या संघटनेने मतदान घेऊन नियम बदलला. आता ज्या खेळाडूला जे सोयीचं वाटेल ते ती घालते.

तिकडे हाफ पँटसाठी झगडा, इकडे हाफ पँट नको म्हणून मैदान बंद. गोष्टी उलट्या दिसतात, पण मुद्दा एकच आहे. ज्या मुलीला पळायचं आहे तिला कोणी विचारलंच नव्हतं. आम्ही त्या ताईंच्या मुलीला विचारलं. ती म्हणाली, "मला गुडघ्यापर्यंतची लेगिंग आणि मोठा टी-शर्ट चालेल. फक्त घरून घालून जायला लाज वाटते." सराव घेणाऱ्या सरांना विचारलं तर ते म्हणाले, सरावाला काहीही घालू द्या, पळता आलं पाहिजे. ज्या कारणाने मैदान सुटलं होतं, ते दोन वाक्यांत सुटलं. आजी महिनाभर कुरकुरल्या, मग थांबल्या. पाळीच्या दिवसांत खेळायचं की बसायचं, हे मुलीनेच ठरवायचं असंही ठरलं.

अंधाराचं सोपं नव्हतं. आम्ही गटात पाळत लावली. आठवड्यातले चार दिवस सराव, रोज एकीने मैदानावर जायचं आणि वस्तीतल्या सगळ्या मुलींना घेऊन परत यायचं. पहिल्या आठवड्यात दोनदा खाडा झाला. एकीची कामाची वेळ बदलली, एकीचं बाळ आजारी पडलं. मग वहीत बचतीच्या पानाशेजारीच नावं लिहिली, तेव्हा कुठे ते रुळावर आलं.

पाण्याचं त्याहून अवघड. शेवटी शेजारच्या मावशी म्हणाल्या, "चार दिवस तिचे हंडे मी लावते, रविवारी ती माझं रेशन आणून देईल." आणि त्या ताईंच्या मुलाला, जो दहावीत होता आणि संध्याकाळी कट्ट्यावर असायचा, त्यालाही दोन हंडे सांगितले. त्याआधी कोणी त्याला कधी सांगितलंच नव्हतं.

राहिला शेवटचा प्रश्न, पुढे काय? इथे खोटी आशा लावू नये. खेळणारी प्रत्येक मुलगी भारतासाठी खेळत नाही. पण काही गोष्टी माहीत असाव्यात. शालेय स्पर्धा तालुका, जिल्हा, विभाग, राज्य अशा पायऱ्यांनी चढतात. १४, १७ आणि १९ वर्षांखालील असे गट असतात. ठरलेल्या पातळीवर खेळलेल्या मुलामुलींना दहावी-बारावीत क्रीडा गुणांची सवलत मिळते, त्यासाठी अर्ज शाळेमार्फत करायचा असतो. वरच्या पातळीवर प्रावीण्य मिळवलेल्या खेळाडूंसाठी राज्य सरकारच्या नोकऱ्यांत ५ टक्के आरक्षण आहे. म्हणून प्रत्येक स्पर्धेचं प्रमाणपत्र रेशन कार्डासारखं जपून ठेवा. आमच्या वस्तीतल्या एका मुलीचं प्रमाणपत्र पावसात गळक्या पत्र्याखाली भिजलं, आणि नवीन मिळवताना तिच्या आईचे चार दिवसांचे खाडे झाले.

त्या ताईंची मुलगी आता पुन्हा खेळते. जिल्ह्याच्या संघात तिची निवड झाली नाही. रडली, दोन दिवस गेली नाही, तिसऱ्या दिवशी गेली. तिच्याच बरोबरीची आणखी एक मुलगी होती, तिच्याहून वेगवान. तिच्यासाठी आम्ही उशिरा पोहोचलो. घरच्यांनी तिला गावी पाठवून दिलं होतं. तिचं नाव अजून आमच्या वहीत आहे, पुसावंसं वाटत नाही.

गावाकडच्या मैत्रिणींनो, तुमच्याकडे आमच्यापेक्षा एक गोष्ट जास्त आहे, ती म्हणजे जागा. मोठ्यांच्या खो-खोचं मैदान २७ मीटर लांब आणि १६ मीटर रुंद. दोन खांब, थोडी फक्की, आणि खडे वेचलेली जमीन, एवढंच लागतं. शंभरेक वर्षांपूर्वी पुण्यात याच खेळाचे नियम बसवले गेले, १९६०-६१ मध्ये कोल्हापुरात बायकांची पहिली राष्ट्रीय स्पर्धा झाली. खेळ आपलाच आहे.

पुढच्या बैठकीत एवढंच करा. सातवी ते दहावीतल्या किती मुली मागच्या वर्षी खेळत होत्या आणि आता खेळत नाहीत, त्यांची नावं वहीत लिहा. प्रत्येक नावापुढे कारण लिहा. मग मुलीला विचारा, तिला काय चालेल. आणि गटातली कोण तिचा कोणता भार एका तासासाठी उचलेल, ते त्याच पानावर लिहा.

पाठीवर हात पडला की उठायचं असतं, एवढं तर आपण शाळेतच शिकलो आहोत.